नाकारली असे समजण्यात येईल

अहो नंदाचे आप्पा,

तुम्हाला जाऊन सव्वा वर्ष झालं, आणि तुमच्या खात्यानं तुम्हाला सात दिवसांत कामावर हजर व्हायला सांगितलंय!

हसू नका. मला आलं नाही हसू. पाकीट कालव्यावरच्या चौकीच्या पत्त्यावर गेलं. चौकीत आता दुसरा पाटकरी राहतो. त्यानं ते ऑफिसात दत्तूकडं दिलं आणि दत्तूनं काटेवाडीला माझ्याकडं धाडलं. एवढ्यात पाच दिवस गेले. मी चौथी शिकलेली बाई, खात्याचं मराठी मला कुठलं एका दमात कळायला? दोनदा बोट फिरवून वाचलं. वर तुमचं पूर्ण नाव, वडलांच्या नावासकट. पुढं लिहिलंय, कालवा चौकीदार यांना कालवा निरीक्षक या पदावर नियमित पदोन्नती देण्यात येत आहे.

इथपर्यंत वाचून मी खाली बसले. ह्याच एका ओळीसाठी तुम्ही झिजलात की हो!

मग खालची ओळ वाचली. "आदेशाच्या दिनांकापासून सात दिवसांत हजर न झाल्यास पदोन्नती नाकारली असे समजण्यात येईल."

कोण समजणार? तुम्ही नाकारली असं? तुम्ही?

म्हणून लिहितेय. तुमच्या खात्याच्या डायरीची कोरी पानं उरलीत, त्यांवरच. ह्या आठवड्यात सगळ्यांवर ओरडून झालं. तुमच्यावर ओरडायचं तेवढं राहिलंय.

पहिली गोष्ट ही की चूक तुमचीच. पाटावर तुम्हीच नियम करून ठेवला होता. आठवतो तो बागायतदार? ऊसतोड चालू होती म्हणून त्यानं आपल्या पाळीचं पाणी घेतलं नव्हतं, आणि आठ दिवसांनी चौकीपुढं गाडी लावून उभा राहिला.

"आप्पा, तवा रान मोकळं नव्हतं. आता द्या की पाटाचं दार उचलून."

"पाळी नाकारली, पाळी गेली. शेवटचं शेत भिजलं की या."

"अवो, मी सोसायटीचा चेअरमन हाय!"

"पानी चेअरमन वळखत न्हाय."

तो शिव्या घालत गेला आणि तुम्ही गेजच्या बुकात पाण्याच्या पातळीचा आकडा लिहीत बसलात. मला तेव्हा काय अभिमान वाटला! वाटायला नको होता. तोच नियम पुढं तुमच्याच मानेवर बसला.

अकरा वर्षांमागं पहिली ऑर्डर आली तो दिवस मी विसरले नाही. मी शेणाच्या हातानं गोठ्यातून बाहेर आले, तर तुम्ही कागद धरून उभे. निरीक्षक म्हणून नेमणूक, पण तात्पुरती, आणि जागा कुठली, तर मंगळवेढ्याच्या पुढच्या कसल्याशा कॅम्पात!

"तितं लोकं टँकरची वाट बघत्यात," मी म्हटलं, "अन् तुमी तितं कालवा तपासनार व्हय?"

"कालवा हाय तितं बी."

"मग तुमी जावा. मी अन् माझ्या गाई हितंच."

"अगं, रोज रोज येतीय का ही ऑर्डर? नावापुढं निरीक्षक लागतंय."

"नाव काय गाईला घालू? तिचं चाऱ्यानं पोट भरतंय."

तीन दिवस मी तुमच्याशी बोलले नाही. भाकरी ताटात आपटून वाढली. चौथ्या दिवशी तुम्ही कागद-पेन घेऊन ओट्यावर बसलात आणि मला विचारलंत, "कारन काय लिवू?"

"लिवा घरगुती अडचन. नंदीचं गुरुजी रजंला तेच लिवत्यात."

तुम्ही लिहिलंत. माझेच शब्द, तुमचं सुंदर अक्षर. खाली सही केलीत आणि मला वाचून दाखवलंत, जसं काही मी साहेब आहे!

आता खरं सांगते. तुम्ही जिवंत असताना सांगायला हवं होतं. गाईंचं निमित्त होतं. गाई विकता आल्या असत्या, माझ्या भावाला देता आल्या असत्या. मला चौकी सोडायची नव्हती. पाळी चालू झाली की मोठमोठी माणसं ओट्याशी येऊन म्हणायची, "वैनी, आप्पांच्या कानावर घाला तेवढं." कुणी वांगी आणायचं, कुणी पहिल्या तोडीची मक्याची कणसं. तुम्ही ती लगेच परत करायचात, आणि मी तुमच्या माघारी दोन कणसं ठेवून घ्यायची. तिकडं मंगळवेढ्याला मला कोण वहिनी म्हणणार होतं? एवढंच कारण. एवढ्यासाठी तुमची पाळी घालवली मी.

तुम्हाला ते कळलं होतं का? कळलंच असणार. कणसं मोजून ठेवणारा माणूस तुम्ही!

तीन वर्षांनी ज्येष्ठता यादी लागली. तुमचं नाव शेवटी. दत्तू निरीक्षक झाला! दत्तू, ज्याला दार किती पेरं उचलायचं हे तुम्ही हात धरून शिकवलं, जो चौकीत माझ्या हातचं पिठलं खाऊन मोठा झाला. पहिल्यांदा तपासणीला आला तो फटफटीवर. "आप्पा, गेज बुक दाखवा." आणि तुम्ही उठून उभे राहिलात! त्याच्यासाठी! मी चुलीपाशी जळत होते. त्याला मुद्दाम बिनसाखरेचा चहा दिला. त्यानं तो घोट घोट करून संपवला आणि म्हणाला, "वैनी, झकास." तेव्हापासून तर तो मला जास्तच खुपायला लागला.

तुम्ही ऑफिसात विचारायला गेलात, तर सांगितलं की एकदा पदोन्नती नाकारली की नाव मागं जातं, नियमच तसा आहे. घरी आल्यावर मी काय म्हणाले? माझी जीभ! "तुमचाच नियम की! पाळी नाकारली, पाळी गेली!"

तुम्ही चिडला नाहीत. पाय धुतलेत, आणि शांतपणे म्हणालात, "सोजर, पाटात वीतभर पानी दिसलं म्हंजे पाळी आली असं आपन म्हनतो का? गेजच्या खुनंला पानी लागंस्तवर कुनाचीच पाळी धरत न्हाय. त्यांची ऑर्डर तात्पुरती हुती. कवाबी काढून घिऊ, असं तिच्यातच लिवलं हुतं. ती पाळीच नव्हती. मग म्या नाकारलं काय?"

हे बोलणं बारामतीच्या वकीलसाहेबांना इतकं आवडलं, की त्यांनी तेच कायद्याच्या भाषेत लिहून मुंबईच्या ट्रिब्युनलात केस घातली. झालं. साडेपाच वर्षं! तारीख, पुढची तारीख, साहेब रजेवर, कागद सापडत नाही, पुढची तारीख. घरात जिकडं बघावं तिकडं झेरॉक्स. धान्याच्या कणगीवर झेरॉक्स, देवाच्या फळीवर झेरॉक्स. नंदाच्या लग्नाच्या पत्रिका आणि तुमचं शपथपत्र एकाच पिशवीतून बारामतीहून आणलंत. वालचंदनगरला व्याह्यांच्या हातात पडलं ते शपथपत्र! बिचाऱ्यांनी चष्मा लावून दोन पानं वाचली आणि निरोप धाडला, "सगळं वाचलं, पण लग्न कुठल्या दिवशी हाय ते सापडंना."

मी किती वेळा म्हटलं असेन, सोडा हो ती केस! प्रत्येक तारखेला म्हटलं. लोकांना वाटायचं बाई खर्चाला वैतागली. मला त्या केसचं एकच दुखायचं. तिच्यातल्या प्रत्येक कागदावर माझे दोन शब्द होते.

एकदाच मी तुमच्याबरोबर मुंबईला आले. शेवटची तारीख होती ती. सरकारी वकील उभा राहिला आणि तुमचा तो कागद खणखणीत आवाजात वाचला. अर्जदाराने घरगुती अडचणीमुळे स्वखुशीने पदोन्नती नाकारली. मग खुर्चीतल्या साहेबांनी विचारलं, "कसली घरगुती अडचण होती?" सरकारी वकील म्हणाला, "त्यांनी खुलासा केलेला नाही."

सगळ्यांनी तुमच्याकडं बघितलं. तुम्ही फरशीकडं बघत होता. मी मागच्या बाकावर, हातात भाकरीचं गाठोडं. उठून एवढंच म्हणायचं होतं, "साहेब, ती अडचण मी आहे." ते दोन शब्द सांगणारी, गावभर तोंड वाजवणारी बाई मी, आणि तिथं भाकरीचं गाठोडंच घट्ट धरून बसले. नाही उठले. येताना एसटीत मात्र चटणीला मीठ कमी पडलं म्हणून तुम्हीच मला समजावत होतात, कारण मी रडत होते आणि निमित्त चटणीचं सांगत होते!

पुढं महिन्याभरानं वकीलसाहेबांकडून कळलं. त्यांनी तुम्हाला म्हटलं होतं, बायकोच्या दडपणानं लिहून दिलं असं शपथेवर सांगा, केस मजबूत होईल. आणि तुम्ही म्हणालात, "बायकूचं नाव कागदात येनार न्हाय. हारलो तरी चालंल."

का हो? कुणी सांगितलं होतं एवढं मोठं मन करायला? चार शिव्या घातल्या असत्यात तर मी चार परत घातल्या असत्या, फिट्टंफाट झाली असती! आता मी एकटी हे घेऊन कुठं जाऊ?

दोन्ही वकिलांचा वाद संपला, निकाल राखून ठेवला, आणि तो यायच्या आत तुम्हीच उठून गेलात. सकाळची पाळी सोडायला गेलात, दार उचललंत, आणि भरावावर बसलात ते बसलातच. दत्तूच जीप घेऊन आला होता. त्यानंच तुम्हाला उचललं. तुमच्या हातात गेज बुक होतं आणि त्यात त्या सकाळचा आकडा लिहिलेला होता. म्हणजे छातीत कळ आल्यावर आधी आकडा लिहिलात! धन्य आहे तुमची.

आता परवाचं ऐका.

पत्र घेऊन आधी बारामती गाठली. वकीलसाहेबांनी ते वाचलं, नुकतीच आलेली निकालाची प्रत चाळली, चष्मा काढला. म्हणाले, "ताई, आपण जिंकलो. ट्रिब्युनलानं मान्य केलं, की तात्पुरती ऑर्डर नाकारणं म्हणजे हक्क सोडणं नव्हे. आप्पांचं म्हणणं शब्दाला शब्द घेतलंय."

"मग ही खालची ओळ?"

"ती छापीलच असते हो. पण हजर झाले नाहीत तर सेवापुस्तकात 'नाकारली' अशी नोंद पडेल. दुसऱ्यांदा नाकारली, की नियमाप्रमाणं जन्मभराचा हक्क जातो."

"जन्म कुठं राहिलाय आता, साहेब?"

त्यांनी फाइल मिटली. मी नाही मिटू दिली. तुमचं सेवापुस्तक बंद होणार, आणि त्यातली शेवटची ओळ काय? नाकारली! जिंकलेल्या माणसाच्या नावावर! पहिला नकार माझा होता, तो तुम्ही जन्मभर अंगावर घेतलात. दुसरा कुणाचा तो? तो मी पडू देते होय!

सातव्या दिवशी सकाळी डेअरीला दूध घातलं आणि इंदापूरची एसटी धरली. ऑफिसात हेडक्लार्क पानाला चुना लावत बसले होते.

"काय काम, बाई?"

"हजर व्हायचंय."

"कुणाला?"

"आमच्या मालकास्नी." कागद पुढं केला.

"मग त्यांना पाठवा की."

"त्यास्नी पाठवून सव्वा वरीस झालं."

पान हातातच राहिलं. "म्हणजे, वारले? मग ऑर्डर निघाली कशी?"

"ते तुमी मला सांगायचं. मयताचा दाखला म्या सोता आनून दिलाय. ह्याच खोलीत."

"तो आस्थापनाच्या टेबलावर गेला असेल. पदोन्नतीचं टेबल वेगळं."

"कुठं हाय आस्थापनाचं?"

त्यांनी हनुवटीनं दाखवलं. शेजारीच होतं! मी वीत घालून मोजलं, खरंच मोजलं. चार वीत. सव्वा वर्षात एक दाखला चार वीत चालला नाही. तुम्ही असता तर कोस-कोसभराचं पाणी दोन दिवसांत शेवटच्या शेताला पोचवून दाखवलं असतंत.

क्लार्क जरा ओशाळले. माणूस वाईट नाही. समजुतीनं म्हणाले, "हे बघा, तुम्हाला त्रास नको. आज मुदत संपतेय. हजर झाले नाहीत म्हणून फाइल बंद करतो. कारणाच्या रकान्यात 'घरगुती अडचण' लिहितो. सगळे तेच लिहितात, कुणी विचारत नाही."

आप्पा, माझा आवाज बाहेरच्या चहाच्या गाड्यापर्यंत गेला म्हणे.

"लिवून तर बघा! घरगुती अडचन तुमच्याफुडं हुबी हाय! म्या हाय ती! ह्यो शबुद अकरा वर्सांमागं म्याच त्यास्नी दिला. न्हाय म्हनली ती मी. त्या मानसानं उभ्या जन्मात कामाला न्हाय म्हटलं न्हाय. मरताना बी आकडा लिवून मेला. अन् तुमी परत तेच लिवताय? आता काय अडचन हाय माझी? ना गाईची, ना मानाची. त्यास्नी हजर करून घ्या, न्हायतर मला सांगा न्हाय म्हनून. त्यांच्या नावावर न्हाय लिवायचं न्हाय!"

जे ट्रिब्युनलात बोलायचं होतं, ते त्या पानवाल्या क्लार्कापुढं बोलले. उशिरा बोलले. पण बोलले.

आतून दत्तू बाहेर आला. त्याचे केस पांढरे झालेत, बघा. त्यानं सगळं ऐकलं होतं. मला म्हणाला, "वैनी, बसा."

"न्हाय बसत."

"बरं, हुब्याच ऱ्हावा." त्यानं क्लार्कांच्या हातातला कागद घेतला, उलटा केला, आणि कोऱ्या बाजूवर लिहायला लागला. क्लार्क म्हणाले, "साहेब, असा रकाना नाही आपल्याकडं." तर हा मान वर न करता म्हणतो, "आप्पांनी मला शिकवलंय, भाऊसाहेब. जे पानी गेलं ते आधी बुकात लिवायचं. रकाना मागनं पाडायचा."

मग मला वाचून दाखवलं. कर्मचारी आदेशापूर्वीच मयत. सबब हजर होऊ शकले नाहीत. पदोन्नती नाकारलेली नाही. खाली सही. क्लार्कांनी पोच म्हणून दुसऱ्या प्रतीवर गोल शिक्का मारला आणि तो कागद माझ्या हातात दिला.

मी निघाले तर दत्तू पायरीपर्यंत आला. म्हणाला, "वैनी, त्या चहात साखर नव्हती. म्हायती हाय मला."

"मग झकास कशापायी म्हटलास?"

"आप्पा बघत हुते."

"ये कदी काटेवाडीला," म्हटलं आणि एसटीत बसले. साखर घालीन त्याला. दोन चमचे घालीन.

तर असं झालं. पण संपलं म्हणू नका. क्लार्क म्हणाले, सेवापुस्तकात ही नोंद चढवायला मोठ्या साहेबांची सही लागते, आणि साहेब दौऱ्यावर आहेत. ह्या खात्यात साहेब कधी दौऱ्यावर नसतात का हो? तुमची साडेपाच वर्षं अशीच गेली.

पण तुम्ही गरीब होतात. नमस्कार करून परत यायचात. मी नाही परत येत. तुम्हाला शब्द देते, आप्पा. दर सोमवारी दूध घालून मी इंदापूरला जाईन आणि त्या दोन टेबलांच्या मधल्या चार वीत जागेत उभी राहीन. "पदोन्नती नाकारलेली नाही" ही ओळ तुमच्या सेवापुस्तकात पडलेली मी बोट ठेवून, अक्षर लावून स्वतः वाचणार. तोवर एकही सोमवार चुकवणार नाही. मला कितीही वेळा पुढचा सोमवार सांगू देत. माझी पाळी आहे ही, आणि ह्या वेळी मी ती नाकारणार नाही.

तुमची घरगुती अडचण,
सोजर